कुत्र्याचा खाऊ कोणाच्या अखत्यारीत?

लखनौ छावणीतल्या सदर बाजारात मी ज्या दुकानातून किराणा आणते, तिथे काही वर्षांपूर्वी कुत्र्यांसाठी एकाच प्रकारचे कोरडे खाद्य मिळत असे, तेही तळाच्या फळीवर, फिनेलच्या बाटल्यांशेजारी. आज त्याच दुकानात खास कुत्र्यांच्या खाऊची एक पूर्ण मांडणी आहे. सुकवलेल्या कोंबडीच्या पट्ट्या, दात घासले जावेत म्हणून चघळायच्या कांड्या, कच्च्या चामड्याची गाठ मारलेली हाडे, हिमालयातल्या छुर्पीचे टणक तुकडे आणि हाडाच्या आकाराची बिस्किटे. कोणावर ‘नैसर्गिक’ लिहिलेले असते, कोणावर ‘धान्यविरहित’, तर कोणावर ‘माणसांच्या दर्जाचे’.

गेल्या पावसाळ्यात अशाच एका पाकिटातला खाऊ दोन दिवस खाल्ल्यावर आमच्या बंड्याला उलट्या सुरू झाल्या. पशुवैद्यांनी तीन प्रश्न विचारले. काय खाल्ले? केव्हा खाल्ले? पाकीट जपून ठेवले आहे का? पाकीट आदल्या दिवशीच कचरागाडीत गेले होते. चार दिवसांनी बंड्या बरा झाला. दोष त्या खाऊचा होता, पावसाळी हवेचा होता, की बंड्याने बाहेर कुठे तोंड घातले होते, हे मला सांगता येणार नाही. म्हणून त्या उत्पादनाचे नावही मी इथे घेत नाही. मात्र निघताना मी सहज विचारले, “डॉक्टर, या प्रसंगाची नोंद कुठे करायची?” त्यावर ते नुसतेच हसले. अशी नोंद घेणारी जागा त्यांना ठाऊक नव्हती. त्यानंतर मी शोधली, मलाही सापडली नाही.

हा लेख त्या न सापडलेल्या जागेविषयी आहे.

आधी कायदा काय म्हणतो ते पाहू. अन्नसुरक्षा व मानके अधिनियम, २००६ यात ‘अन्न’ या शब्दाची व्याख्या मानवी सेवनासाठीचा पदार्थ अशी आहे आणि पशुखाद्य तिच्यातून स्पष्टपणे वगळले आहे. त्यामुळे अन्नसुरक्षा अधिकारी दुकानात आला, तर तो माणसांच्या बिस्किटाचा नमुना घेऊ शकतो. शेजारच्या फळीवरचे कुत्र्याचे बिस्किट त्याच्या अधिकाराबाहेर राहते. भारतीय मानक ब्यूरोचे कुत्र्या-मांजरांच्या खाद्यासाठी ‘आयएस ११९६८’ हे मानक आहे आणि २०१९ मध्ये ते सुधारूनही झाले. परंतु ते ऐच्छिक आहे. पाळणे न पाळणे उत्पादकाच्या मर्जीवर.

याचा अर्थ राज्यसंस्थेला हा खाऊ दिसतच नाही, असा मात्र नव्हे. कर लावताना तो स्पष्ट दिसतो. २०१७ मध्ये वस्तू व सेवा कर आला, तेव्हा गाई-म्हशींच्या आणि कोंबड्यांच्या खाद्याला करमुक्त ठेवून कुत्र्या-मांजरांच्या किरकोळ विक्रीच्या खाद्यावर १८ टक्के कर बसवला गेला. सीमेवरही तो दिसतो. परदेशातून येणाऱ्या प्राणिजन्य खाद्याला पशुधन आयात अधिनियम, १८९८ अन्वये परवाना लागतो. तराजूवरही दिसतो. वैधमापनाच्या नियमांनुसार पाकिटावर निव्वळ वजन, किंमत आणि उत्पादकाचा पत्ता छापणे बंधनकारक आहे. म्हणजे पाकिटात १०० ग्रॅम आहेत याची हमी कायदा देतो. ते १०० ग्रॅम कशाचे आहेत आणि कितपत निर्धोक आहेत, याची देत नाही. अपाय झाल्यावर ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ खाली दाद मागता येते, पण तिथे पुरावा आणायचा तो आपणच, आणि पाकीट तर कचरागाडीत गेलेले असते.

अधिकार असणे म्हणजे काय, हे पाहायला लखनौहून फार दूर जावे लागत नाही. शेजारच्या बाराबंकी जिल्ह्यात २०१४ मध्ये मॅगी नूडल्सचा एक नमुना घेतला गेला. तिथून सुरू झालेले प्रकरण जून २०१५ मध्ये देशव्यापी बंदीपर्यंत पोहोचले. १३ ऑगस्ट २०१५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ती बंदी रद्द केली आणि मान्यताप्राप्त प्रयोगशाळांत फेरतपासणीचा आदेश दिला. तीत नमुने निर्दोष ठरले आणि नोव्हेंबरमध्ये नूडल्स पुन्हा दुकानांत आल्या. त्या प्रकरणात कोणाचे चुकले, यावर आजही वाद घालता येईल. पण तिथे नमुना घेणारा हात होता, प्रयोगशाळा होती, प्रयोगशाळेच्या मान्यतेवर प्रश्न विचारणारे न्यायालय होते. संशय घेण्याची जशी व्यवस्था होती, तशीच संशय फेडण्याचीही होती. कुत्र्याच्या खाऊच्या बाबतीत यांतले काहीच नाही. ग्राहकासाठी नाही आणि प्रामाणिक उत्पादकासाठीही नाही.

“पण आपल्याकडे अशा घटना घडल्याचे ऐकिवात नाही,” असे यावर हमखास म्हटले जाते. भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत पहिल्याच वर्षी एक गोष्ट शिकवली जाते. शोधक बंद असताना मिळालेले शून्य हे मापन नसते. कण आले नाहीत की मोजले गेले नाहीत, हे त्या शून्यावरून ठरत नाही. आपल्या देशातली ही शांतता त्या प्रकारची आहे.

शोधक चालू असला तर काय दिसते, याची दोन उदाहरणे अमेरिकेतली आहेत. २००७ पासून तिथल्या अन्न व औषध प्रशासनाकडे सुकवलेल्या मांसाच्या पट्ट्यांविषयी, म्हणजे जर्कीविषयी, तक्रारी येऊ लागल्या. २०१५ अखेरपर्यंत ६,००० हून अधिक कुत्रे आजारी पडल्याच्या आणि त्यांपैकी १,१०० हून अधिक दगावल्याच्या नोंदी झाल्या. अनेकांत मूत्रपिंडाचा एरवी दुर्मीळ असलेला विकार आढळला. बहुतेक तक्रारी चीनमधून आयात झालेल्या मालाविषयी होत्या. निश्चित कारण शेवटपर्यंत सापडले नाही. मात्र कारण सापडले नाही तरी घटना दिसली, कारण मोजणारे कोणीतरी होते. २०१९ मध्ये डुकराच्या सुकवलेल्या कानांपासून साल्मोनेला जंतूचा संसर्ग पसरला. त्यात आजारी पडली ती माणसे, ३४ राज्यांतली १५४. खाऊ कुत्र्याचा असला, तरी तो देणारा हात माणसाचा असतो, पुष्कळदा लहान मुलाचा असतो.

इथे प्रश्न केवळ कुत्र्यांचा राहत नाही. कुत्र्याच्या पोटात जे जाते, ते आपल्याच अन्नसाखळीतून आलेले असते. तोच मका, तोच गहू, त्याच कत्तलखान्यातले उरलेले मांस. म्हणून कुत्रा कधीकधी आपल्या आधी आजारी पडतो, कधी आपल्याबरोबर.

१९७४ च्या उत्तरार्धात राजस्थान-गुजरातच्या सीमेवरील दीडशेहून अधिक गावांत काविळीची साथ आली आणि शंभराहून अधिक माणसे दगावली. कारण होते पावसात भिजून बुरशी लागलेला मका आणि त्यातले अफ्लाटॉक्सिन. त्या साथीच्या वैद्यकीय अहवालांत एक तपशील आहे. तेच अन्न खाणाऱ्या गावातल्या कुत्र्यांनाही तोच आजार झाला होता. माणसापासून माणसाला लागणारी ही कावीळ नसून दोष ताटातल्या अन्नात आहे, या निष्कर्षाला त्याने बळ मिळाले.

दुसरा प्रसंग २००७ चा आहे. मार्च महिन्यात उत्तर अमेरिकेत कुत्र्या-मांजरांच्या खाद्याचे कोट्यवधी डबे आणि पाकिटे परत बोलावली गेली, कारण चीनमधून आलेल्या गव्हाच्या प्रथिनात मेलामाइन मिसळलेले होते. त्यामागची युक्ती विज्ञानाच्या विद्यार्थ्याने समजून घ्यावी अशी आहे. प्रथिन मोजण्याची रूढ पद्धत योहान केल्डाल यांनी १८८३ मध्ये कोपनहेगनच्या कार्ल्सबर्ग प्रयोगशाळेत बसवली. तीत प्रत्यक्षात मोजला जातो नायट्रोजन. प्रथिनात साधारण १६ टक्के नायट्रोजन असतो, म्हणून आलेल्या आकड्याला ६.२५ ने गुणून प्रथिन काढतात. मेलामाइनच्या वस्तुमानाचा दोन-तृतीयांश भाग नायट्रोजनच असतो. म्हणजे एक ग्रॅम मेलामाइन या चाचणीला चार ग्रॅमांहून अधिक प्रथिन भासते. चाचणी खोटे बोलत नव्हती. तिला विचारलेला प्रश्नच अपुरा होता. मेलामाइन आणि त्याच्यासोबत असलेले सायन्युरिक आम्ल यांचे खडे जनावरांच्या मूत्रपिंडात साचले. पुढच्याच वर्षी, २००८ मध्ये, हीच भेसळ चीनमध्ये बालकांच्या दुधाच्या भुकटीत उघड झाली. जवळपास ३ लाख मुले आजारी पडली आणि ६ बालकांचा मृत्यू झाला. इशारा वर्षभर आधी मिळालेला होता, कुत्र्यांच्या वाडग्यातून.

आता बाजाराकडे पाहू. गोदरेज समूहाने २०२४ मध्ये पाळीव प्राण्यांच्या व्यवसायात पाच वर्षांत ५०० कोटी रुपये गुंतवण्याचे जाहीर केले. छत्तीसगडमधील राजनांदगावच्या ड्रूल्समध्ये २०२५ मध्ये नेस्लेने भागीदारी घेतली. घरपोच दहा मिनिटांत माल पोहोचवणाऱ्या सेवांनी हा खाऊ लहान शहरांतही नेला आहे. मोठ्या कंपन्यांच्या स्वतःच्या प्रयोगशाळा असतात आणि निर्यात करणाऱ्यांना परदेशांचे नियम पाळावेच लागतात. युरोपीय संघात चघळायच्या खाऊच्या नमुन्यातील २५ ग्रॅममध्ये साल्मोनेला आढळता कामा नये, असा दंडक आहे. म्हणजे एखादा भारतीय कारखाना फ्रान्समधल्या कुत्र्यासाठी जी चाचणी करायला बांधील आहे, ती लखनौच्या कुत्र्यासाठी करायला बांधील नाही.

काही आक्षेप खरे आहेत आणि त्यांना उत्तर दिले पाहिजे. माणसांच्याच अन्नाच्या तपासण्या पुरेशा होत नसताना कुत्र्यांचा विचार हा श्रीमंती चोचला नाही का? मला तसे वाटत नाही. वरच्या दोन्ही प्रसंगांत कुत्र्याकडे पाहणे हे माणसाकडेच पाहणे होते. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. घरच्या ओव्हनमध्ये बिस्किटे भाजून विकणाऱ्या, बचतगट चालवणाऱ्या स्त्रिया या नियमांच्या ओझ्याखाली दबतील आणि मैदान बड्यांना मोकळे होईल. ही भीती खोटी नाही. पण तिच्यावरचा तोडगा आपण खेळण्यांच्या बाबतीत आधीच काढला आहे. १ जानेवारी २०२१ पासून खेळण्यांवर मानक ब्यूरोचे चिन्ह सक्तीचे झाले आणि त्याच आदेशात नोंदणीकृत हस्तकला कारागिरांना सूट दिली गेली. इथेही मोठ्यांना प्रमाणपत्र आणि लहानांना साधी नोंदणी, बॅच क्रमांक व वर्षातून एखादी अनुदानित चाचणी, अशी पायरी ठेवता येईल.

नवा कायदाही लागणार नाही. भारतीय मानक ब्यूरो अधिनियम, २०१६ च्या कलम १६ नुसार केंद्र सरकार ज्या कारणांसाठी मानक सक्तीचे करू शकते, त्यांत माणसांच्या आरोग्याबरोबर प्राण्यांचे आरोग्यही नाव घेऊन नमूद केलेले आहे. आयएस ११९६८ तयार आहे, कलम तयार आहे. आदेश निघायचा आहे. सुरुवात मोजक्या चाचण्यांनी व्हावी. साल्मोनेला एक. अफ्लाटॉक्सिन दुसरी, अमेरिकेत पाळीव प्राण्यांच्या खाद्यासाठी तिची मर्यादा अब्जात २० भाग, म्हणजे पाच कोटींत एक इतकी बारीक आहे. तिसरी सुकवलेल्या मालासाठी जल-क्रियाशीलता. पदार्थात पाणी किती आहे यापेक्षा त्यातले किती पाणी जंतूंना वापरता येण्याजोगे मोकळे आहे, हे ती सांगते. हे मूल्य ०.६ च्या खाली गेले की जंतू आणि बुरशी वाढू शकत नाहीत. आधीपासून असलेला साल्मोनेला मात्र कोरड्या मालातही तग धरतो, म्हणून एक चाचणी दुसरीची जागा घेऊ शकत नाही.

आणि या सगळ्यांआधी हवी ती नोंदवही. २००७ च्या धक्क्यानंतर अमेरिकेने पाळीव प्राण्यांच्या खाद्यासाठी पूर्वसूचना यंत्रणा उभारण्याची तरतूद त्याच वर्षी कायद्यात केली. आपल्याकडे माणसे आणि संस्था दोन्ही आहेत. १८८९ मध्ये पुण्यात स्थापन झालेली आणि आज बरेलीजवळच्या इज्जतनगरात असलेली भारतीय पशुवैद्यक संशोधन संस्था आहे. इथे लखनौत, महात्मा गांधी मार्गावर, भारतीय विषविज्ञान संशोधन संस्था आहे. मोहरीच्या तेलातल्या पिवळ्या धोत्र्याच्या, म्हणजे आर्जिमोनच्या, भेसळीवर तिथे वर्षानुवर्षे काम झाले आहे. पशुवैद्याने पाच रकाने भरायचे आहेत. लक्षण, तारीख, उत्पादन, बॅच क्रमांक, गाव. एकेकटी नोंद काहीच सिद्ध करत नाही; माझ्या बंड्याची तर नाहीच. पण वेगवेगळ्या शहरांतून एकाच बॅचच्या दहा नोंदी आल्या, तर त्या बॅचचा नमुना मागवायला कारण मिळते.

हे वाचणाऱ्यांत पशुवैद्यक महाविद्यालयांचे विद्यार्थी असतील, त्यांना माझी विनंती आहे. आपल्या महाविद्यालयाच्या बाह्यरुग्ण विभागात अशी एक वही, एका सत्राचा प्रकल्प म्हणून, आजच सुरू करता येईल. आणि घरी कुत्रा असलेल्यांनी नव्या पाकिटाच्या मागच्या बाजूचे, बॅच क्रमांक दिसेल असे छायाचित्र काढून ठेवावे, पाकीट संपेपर्यंत टाकू नये. आमच्याकडे आता फ्रीजच्या वर एक डबा आहे. त्यात रिकामी पाकिटे महिनाभर राहतात.