शेताचा दाखला

या आठवड्याच्या टपालात सातवीतल्या एका मैत्रिणीचं पत्र आहे. ती लिहिते, ‘बाई, माझा दादा पुढच्या महिन्यात शिकायला पुण्याला चाललाय. कॉम्प्युटर त्याच्याबरोबर जाणार. त्यावर माझं स्टारड्यू व्हॅलीमधलं शेत आहे. दोन वर्षं खपून उभं केलंय. आईच्या फोनवर नेता येईल का? बाबा म्हणतात, गेमच तर आहे, नवीन सुरू कर!’

बाबांच्या म्हणण्याकडे नंतर वळू. आधी प्रश्नाचं उत्तर. नेता येतं! पण काय नेता येतं आणि काय येत नाही, हे नीट समजून घेतलं पाहिजे. नाहीतर घाईघाईत फाइली इकडून तिकडे ओढायच्या आणि शेत ना इकडे ना तिकडे, अशी गत व्हायची.

शाळा वेगळी, दाखला वेगळा

आई-बाबांची बदली झाली, की तुम्ही शाळा बदलता. तेव्हा जुन्या शाळेची इमारत, फळा, बाकं, घंटा तुमच्याबरोबर येते का? नाही. नव्या गावात नवी शाळा आधीच उभी असते. तुमच्याबरोबर जातो तो फक्त एक कागद, शाळा सोडल्याचा दाखला. तुमचं नाव काय, जन्मतारीख कोणती, कितवीपर्यंत शिकलात, हे सगळं त्यावर असतं. तो बघून नव्या शाळेतले गुरुजी तुम्हाला बरोबर तुमच्या वर्गात नेऊन बसवतात. पहिलीपासून सुरुवात करावी लागत नाही!

गेम म्हणजे शाळा आणि सेव्ह फाइल म्हणजे दाखला.

कॉम्प्युटरवरचा गेम विंडोजसाठी बांधलेला असतो. फोनमधल्या अँड्रॉइडला तो उघडताच येत नाही. त्यातून बहुतेक विंडोज कॉम्प्युटरच्या प्रोसेसरला कळणाऱ्या सूचना निराळ्या आणि फोनच्या प्रोसेसरला कळणाऱ्या निराळ्या. म्हणून कॉम्प्युटरवरचा गेम पेन ड्राइव्हवर घेऊन फोनमध्ये टाकला, तर नुसती जागा अडेल, खेळता काही येणार नाही. फोनसाठी बांधलेला गेम प्ले स्टोअर किंवा अ‍ॅप स्टोअरमधून वेगळा घ्यावा लागतो. आणि हो, कॉम्प्युटरवर तो विकत घेतला असला, तरी फोनसाठी पुन्हा पैसे मोजावे लागतात. हे आई-बाबांना आधीच सांगा, बरं का!

आता सेव्ह फाइल. आपल्या मैत्रिणीचं नशीब चांगलं. स्टारड्यू व्हॅली हा एरिक बॅरोन नावाच्या एकाच माणसाने बनवलेला गेम. चित्रं त्याची, संगीत त्याचं, प्रोग्रॅमही त्याचाच. चार वर्षांहून जास्त काळ तो एकटा राबत होता. २६ फेब्रुवारी २०१६ रोजी गेम कॉम्प्युटरवर आला, ऑक्टोबर २०१८ मध्ये आयफोनवर आणि मार्च २०१९ मध्ये अँड्रॉइडवर. फोनवर आला तरी दाखल्याचा नमुना तोच राहिला. म्हणून कॉम्प्युटरवरची नोंद फोनला वाचता येते. सगळ्याच गेमचं असं नसतं.

दाखला काढायचा कसा?

एक. गेम उघडा, दिवसभराची कामं उरका आणि रात्री झोपायला जा. हसू नका! कॉम्प्युटरवरच्या स्टारड्यू व्हॅलीत दिवस संपवून झोपल्यावरच नोंद होते. दुपारीच गेम बंद केलात, तर सकाळपासून पाणी घातलेलं, दूध काढलेलं सगळं वाया. झोपून उठलात, की गेम पूर्ण बंद करा.

दोन. कीबोर्डवर विंडोजची खूण असलेली कळ आणि ‘आर’ ही कळ एकदम दाबा. छोटी चौकट उघडेल. तिच्यात आधी टक्क्याची खूण, मग इंग्रजीत ए-पी-पी-डी-ए-टी-ए आणि पुन्हा टक्क्याची खूण टाका. एंटर दाबा. जे उघडेल त्यात ‘स्टारड्यूव्हॅली’ नावाचा फोल्डर शोधा. त्याच्या पोटात ‘सेव्ह्ज’ नावाचा फोल्डर असतो.

तीन. ‘सेव्ह्ज’मध्ये प्रत्येक शेताचा एकेक फोल्डर दिसेल. तुम्ही दिलेलं नाव आणि त्यापुढे लांबलचक आकडा. आत दोन महत्त्वाच्या फाइली असतात. एकीचं नाव फोल्डरसारखंच आणि दुसरी ‘सेव्हगेमइन्फो’. एक नेली आणि दुसरी राहिली, तर शेत उघडत नाही. म्हणून सबंध फोल्डरच उचलायचा. नाव बदलायचं नाही. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, ‘कट’ नाही, ‘कॉपी’! पहिली कॉपी थेट फोनमध्ये न टाकता पेन ड्राइव्हवर ठेवा. काही बिघडलंच, तर ती कामाला येईल.

गंमत करायची असेल, तर कॉपीतली मोठी फाइल नोटपॅडमध्ये उघडून बघा. ती साध्या अक्षरांत लिहिलेली असते. तुमचं नाव, तुमच्याजवळचे पैसे, कोणता ऋतू, सगळं त्यात सापडेल. दोन वर्षांचं शेत म्हणजे शेवटी अक्षरांची ही भली मोठी यादी! पण फक्त बघा हं, काही खोडू नका.

फोनमध्ये बसवायचा कसा?

चार. फोनवर गेम घेतल्यावर आधी एक नवं, लुटूपुटूचं शेत सुरू करा. सरपंचासारखे असणारे लुईस आजोबा पंधरा पार्सनिपच्या बिया देतील. त्या पेरा, रात्री झोपा आणि गेम बंद करा. असं का? तर एकदा नोंद झाली, की फोन स्वतःच सेव्हचा फोल्डर तयार करतो. मग आपल्याला जागा शोधत बसावं लागत नाही.

पाच. फोन केबलने कॉम्प्युटरला जोडा. फोनच्या पडद्यावर विचारणा येईल, तिथे ‘फाइल ट्रान्सफर’ निवडा. काही केबलींमधून नुसतं चार्जिंग होतं, फाइली जात नाहीत. विचारणा आलीच नाही, तर दुसरी केबल लावून बघा. आता कॉम्प्युटरवर फोनचं नाव उघडा. ‘इंटर्नल स्टोरेज’, मग ‘अँड्रॉइड’, मग ‘डेटा’, मग स्टारड्यू व्हॅलीचं नाव असलेला फोल्डर, मग ‘फाइल्स’ आणि शेवटी ‘सेव्ह्ज’. तिथे तुमचं लुटूपुटूचं शेत दिसेल. त्याच्या शेजारी आपला फोल्डर पेस्ट करा.

२०२० मध्ये आलेल्या अँड्रॉइड ११ पासून फोनमधलं नेहमीचं फाइल अ‍ॅप हा ‘डेटा’ फोल्डर उघडू देत नाही. एका अ‍ॅपने दुसऱ्याच्या घरात डोकावू नये, म्हणून घातलेलं ते कुंपण आहे. म्हणूनच हे काम केबल लावून कॉम्प्युटरवरून करायचं. आयफोन असेल, तर कॉम्प्युटरवरच्या आयट्यून्समध्ये फाइल शेअरिंगची सोय असते. तिथे स्टारड्यू व्हॅलीच्या नावाखाली फोल्डर टाकता येतो.

सहा. फोनवर गेम उघडा. शेत दिसलं? लगेच नाचू नका. पैसे बरोबर आहेत का, कोंबड्या-गाई जागेवर आहेत का, पेटीतल्या वस्तू आहेत का, ते बघा. एक रात्र झोपा, गेम बंद करा, पुन्हा उघडा. सगळं ठीक असेल, तरच काम झालं.

चौथीपर्यंतची शाळा

एक अडचण मात्र पुष्कळांना चकवते. समजा, तुम्ही पाचवी पास झालात आणि नव्या गावात चौथीपर्यंतचीच शाळा आहे. तुमचा दाखला खरा, शाळाही चांगली, पण तुम्हाला बसवायला वर्गच नाही! गेमच्या आवृत्त्यांचंही असंच होतं. स्टारड्यू व्हॅलीची १.६ ही आवृत्ती कॉम्प्युटरवर १९ मार्च २०२४ रोजी आली. फोनवर ती यायला ४ नोव्हेंबर २०२४ उजाडला. मधल्या साडेसात महिन्यांत ज्यांनी कॉम्प्युटरवर नव्या आवृत्तीत शेत पुढे नेलं, त्यांचा दाखला फोनच्या जुन्या आवृत्तीला वाचता येईना. म्हणून नेण्याआधी दोन्हीकडचे आवृत्ती क्रमांक ताडून बघा. फोनची आवृत्ती तेवढीच किंवा पुढची हवी. कॉम्प्युटरवर बाहेरचे ‘मॉड’ घातले असतील, तरी अडचण येऊ शकते. कारण त्या मॉडमधल्या वस्तू फोनच्या गेमला ओळखता येत नाहीत.

दुसरी गोष्ट. एका मुलाचं नाव एकाच वेळी दोन शाळांच्या पटावर ठेवता येत नाही. फोनवर शेत नेल्यावर कॉम्प्युटरवरही तेच शेत खेळत राहिलात, तर दोन वेगवेगळी शेतं तयार होतील. इकडची कोंबडी तिकडे दिसणार नाही. दोन्ही एकत्र जोडता येत नाहीत. तेव्हा कोणतं खरं, ते पहिल्याच दिवशी ठरवा.

बाकीच्या गेमचं काय?

माइनक्राफ्टवाल्यांनो, तुमच्याकडे दोन घराणी आहेत. एक जावा आणि दुसरं बेडरॉक. फोनवर चालतं ते बेडरॉक. कॉम्प्युटरवरही बेडरॉकच असेल, तर सोपं आहे. जगाच्या सेटिंगमध्ये ‘एक्स्पोर्ट वर्ल्ड’ असतं. त्यातून सगळ्या जगाची एक गाठोडी-फाइल मिळते. ती फोनवर घेऊन माइनक्राफ्टने उघडायची. पण कॉम्प्युटरवर जावा असेल, तर दाखल्याचा नमुनाच वेगळा. तो जसाच्या तसा चालत नाही, आधी रूपांतर करावं लागतं.

रोब्लॉक्ससारख्या गेममध्ये तर तुमच्याकडे फाइलच नसते. नोंद कंपनीच्या कॉम्प्युटरवर असते. फोनवर तेच खातं उघडलं, की झालं. तिथे जपायचा तो पासवर्ड.

आई-बाबांसाठी चार शब्द

तुम्ही लहानपणी टीव्हीला जोडून मारिओ आणि काँट्रा खेळला असाल, तर आठवून बघा. त्यात नोंद ठेवायची सोयच नव्हती. वीज गेली, की पहिल्यापासून सुरुवात. म्हणून ‘गेमच तर आहे’ हे तोंडातून सहज निघतं. पण या मुलीने दोन वर्षं एक शेत सांभाळलंय. कोणतं पीक कोणत्या ऋतूत, अठ्ठावीस दिवसांच्या ऋतूत किती वेळा निघेल, बियाण्याला पैसे किती ठेवायचे, हा हिशेब तिने केलाय. तिने वहीत रंगवलेलं चित्र आपण रद्दीत टाकत नाही. हेही तिच्या हातचंच आहे.

पण दुसरी बाजूही बघायला हवी. कॉम्प्युटरवरचा गेम खुर्चीवर बसून खेळावा लागतो. तो सुटला, की खेळ सुटतो. फोनवरचा गेम जेवणाच्या ताटापाशी येतो आणि पांघरुणातही शिरतो. शिवाय तो फोन आईचा आहे. तिच्या कामाचे, बँकेचे, नातेवाइकांचे फोन त्यावर येतात. तेव्हा शेत फोनवर आणण्याआधी घरात बसून ठरवा, की दिवसाला किती वेळ आणि कोणत्या वेळी. फोनवरच्या स्टारड्यू व्हॅलीत मध्येच थांबलं, तरी चालतं. फोन परत मागितल्यावर ‘थांब ना, दिवस संपू दे’ ही सबब तिथे लागू नाही!

आणि एक गोष्ट अगदी कडक. पैसे वाचवायला म्हणून कुणा अनोळखी ठिकाणाहून ‘फुकट’ गेमची फाइल घेऊ नका. ज्या फोनवर बँकेचे ओटीपी येतात, त्या फोनमध्ये अनोळखी अ‍ॅप घुसवणं म्हणजे घराची किल्ली रस्त्यात ठेवणं. घेणं जमत नसेल, तर शेत पेन ड्राइव्हवर जपून ठेवा. फोल्डर काही नासत नाही. दिवाळीला दादा घरी आला, की पुन्हा नांगर धरता येईल.

दोस्तांनो, फोनवर शेत नेलंत, तर एक लक्षात ठेवा. अँड्रॉइडवरून गेम काढून टाकला, की त्याचा ‘डेटा’ फोल्डरही पुसला जातो. आत असलेलं शेत त्याच्याबरोबरच जातं. जागा कमी पडली, म्हणून कुणीतरी पटकन गेम काढतं आणि मग घरात रडारड होते. म्हणून महिन्यातून एकदा कॉपी काढायची, तारीख घालून. कॉपी करायची, उघडून तपासायची आणि मगच जुनी पुसायची. हा क्रम बाबांच्या दुकानाच्या हिशेबालाही लागू आहे आणि आजीच्या फोटोंनाही.

या आठवड्याचं काम असं. घरातली एक अशी गोष्ट शोधा, जी एकाच फोनमध्ये आहे आणि गेली तर परत मिळणार नाही. गेम असेल, फोटो असेल, आजोबांचा आवाज असेल. मोठ्यांना विचारून तिची दुसरी कॉपी करा, उघडून बघा आणि काय निवडलंत ते मला लिहून पाठवा.

पुढच्या आठवड्यात एक कोडं सोडवू. १२८ जीबीचा फोन आणला, तर त्यात १२८ जीबी मोकळी जागा का दिसत नाही? तोवर विचार करून ठेवा.

तुमच्या बाई