भंडाऱ्याची ती पोटनिवडणूक कशामुळे झाली?

१९५४ साली भंडारा पोटनिवडणुकीत बाबासाहेबांचा पराभव झाला, हे आपल्या समाजातील लहान मुलालाही ठाऊक असते. परंतु ती पोटनिवडणूक मुळात का घ्यावी लागली, असे आम्ही वर्गात विचारले की सारा वर्ग गप्प होतो. पालकही गप्प होतात. त्याचे उत्तर आपल्याच भागातील बिडीच्या व्यापारात आहे.

चतुर्भुज विठ्ठलदास जसानी हे बिडीच्या व्यापारातून काँग्रेसच्या राजकारणात आलेले गृहस्थ. ‘मुलजी सिक्का आणि कंपनी’ या फर्मचे ते भागीदार होते. त्या वेळी आपला भाग मध्य प्रदेशात होता आणि भंडारा हा द्विसदस्य मतदारसंघ होता. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत सर्वसाधारण जागेवर जसानी आणि राखीव जागेवर तुलाराम साखरे लोकसभेवर निवडून आले. मात्र जसानींच्या फर्मने सैनिकांसाठी सरकारला बिड्या पुरविण्याचे काम घेतले होते. १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यातील कलम ७(ड) नुसार सरकारी पुरवठ्यात हितसंबंध असलेला माणूस सभागृहात बसण्यास अपात्र ठरत असे. हा कायदा संसदेत मांडून मंजूर करून घेणारे कायदामंत्री होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १५ फेब्रुवारी १९५४ रोजी न्या. विवियन बोस यांनी निकाल दिला. कर्तव्य आणि स्वार्थ यांचा संघर्ष टळावा व विधिमंडळ शुद्ध राहावे, हा त्या तरतुदीचा हेतू असल्याचे त्यात स्पष्ट केले आणि जसानी अपात्र ठरले. प्रश्न पात्रतेचा होता, चारित्र्याचा नव्हता, हे येथे प्रांजळपणे नोंदविले पाहिजे.

त्याच निकालात दुसराही मुद्दा होता. महानुभाव पंथ स्वीकारलेले गंगाराम ठवरे आता महार राहिले नाहीत, असे म्हणून राखीव जागेवरील त्यांचा अर्ज फेटाळण्यात आला होता. पंथ स्वीकारल्याने त्यांची जात सुटली नाही, असे न्यायालयाने ठरविले. त्यामुळे संपूर्ण निवडणूकच रद्द झाली. १९५६ नंतर बौद्ध झालेल्या आपल्या वडीलधाऱ्यांना याच प्रश्नाने छळले. केंद्राच्या सवलतींसाठी १९९० पर्यंत वाट पाहावी लागली.

मग पोटनिवडणूक झाली. सर्वसाधारण जागेवर समाजवादी नेते अशोक मेहता निवडून आले. राखीव जागेवर बाबासाहेब काँग्रेसच्या भाऊराव बोरकरांकडून पराभूत झाले. प्रत्येक मतदाराला दोन मते होती. दुसरे मत कुजवू नका, असे बाबासाहेबांनी कार्यकर्त्यांना बजावल्याची आठवण जुनी मंडळी सांगत. पराभव पत्करला, पण मताचा सौदा केला नाही, असा तिचा अर्थ आम्ही घेतो.

व्यापाऱ्याने राजकारणात येऊ नये, असे आमचे म्हणणे नाही. पण येताना त्याने सरकारी पुरवठ्याची वही दाराबाहेर ठेवावी, एवढीच त्या कायद्याची अट होती. दुसऱ्याच्या नावे पण उमेदवाराच्या लाभासाठी असलेला हितसंबंधही त्यात मोजला जाई. पुढील दुरुस्त्यांनी ही गाठ सैल केली. आजच्या कलम ९अ मध्ये उमेदवाराने स्वतः सरकारशी केलेला आणि अद्याप चालू असलेला करार तेवढा मोजला जातो. म्हणूनच रस्त्याचे, नालीचे, बंधाऱ्याचे काम घरच्यांच्या नावे घेणारा माणूस राजरोस आपल्या दारात मते मागायला येतो आणि आपण त्याच्या गळ्यात हार घालतो.

कामठा परिसरातील माजी विद्यार्थ्यांपैकी कितीतरी जणांच्या आयांनी हजार बिड्यांमागे मिळणाऱ्या मजुरीवर मुलांना शिकविले. छाट म्हणून बाजूला काढलेल्या बिड्यांचे नुकसान त्यांनीच सोसले. त्या मुलांनी तरी हिशेब मागायला शिकावे. दारात आलेल्या उमेदवाराला जात विचारण्याआधी ‘कोणते सरकारी काम तुमच्या घरात आहे?’ असे विचारावे. आणि आपल्या शाळेच्या ग्रंथालयात या निकालाचा मराठी सारांश ठेवावा. तो तयार करण्याचे काम आम्ही आनंदाने अंगावर घेऊ.

जय भीम.