विश्लेषण : संग्राहकाच्या पश्चात चित्रांचे काय होते?

मार्च २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात एम. एफ. हुसेन यांच्या ‘ग्रामयात्रा’ या १९५४ मधील चित्राला सुमारे ११८ कोटी रुपये मिळाले. त्याआधी अनेक दशके ते ऑस्लोतील एका रुग्णालयाकडे होते. किमती अशा कोटींच्या घरात गेल्यावर ही चित्रे सामान्यांनी पाहायची कुठे? मुंबईत याचे एक उत्तर जहांगीर निकल्सन यांच्या संग्रहात मिळते.

निकल्सन कोण होते?

जहांगीर निकल्सन (१९१५-२००१) हे कापूस व्यवसायातील पारशी उद्योजक. त्यांनी पहिले चित्र १९६८ मध्ये घेतले. पुढे हुसेन, रझा, गायतोंडे, पदमसी, बरवे अशांच्या मिळून सुमारे ८०० कलाकृती जमवल्या. त्या काळी आधुनिक चित्रांना आजच्यासारखी बाजारपेठ नव्हती. त्यामुळे नियमित खरेदी करणारा असा संग्राहक चित्रकारांसाठी मोठा आधार असे.

संग्रह लोकांसाठी खुला कसा झाला?

१९७६ मध्ये नरिमन पॉइंटच्या एनसीपीएत त्यांच्या नावाचे दालन सुरू झाले. मुंबईत सरकारी राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय उघडले, ते त्यानंतर २० वर्षांनी, १९९६ मध्ये. निकल्सन यांच्या निधनानंतर संग्रह त्यांच्या न्यासाकडे राहिला. न्यासाने २००८ मध्ये छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाशी करार केला आणि २०११ मध्ये तेथे दालन उघडले.

कायदा काय सांगतो?

१९७२ च्या पुरावशेष कायद्यानुसार राजा रविवर्मा, अमृता शेरगिल यांच्यासह नऊ कलावंतांच्या कलाकृती देशाबाहेर नेऊन विकता येत नाहीत. हुसेन, गायतोंडे या यादीत नाहीत. करसवलतही पैशांच्या स्वरूपातील देणगीलाच मिळते. संग्रहालयाला चित्र भेट दिल्यास नाही. अमेरिकेत मात्र अशा भेटीवर चित्राच्या बाजारमूल्यानुसार वजावट मिळू शकते.

मग मार्ग काय?

संग्राहकाने हयातीतच सोय केली नसेल, तर वारस चित्रे वाटून घेतात किंवा लिलावात काढतात. एकत्र जमलेला संग्रह मग विखुरतो. निकल्सन यांचा संग्रह टिकला तो न्यासामुळे. पण केवळ एखाद्याच्या दानतीवर किती काळ विसंबायचे? वस्तुरूप देणगीला करसवलत मिळाली, तर आणखी संग्रह लोकांसमोर येऊ शकतील. तोवर करंजा-पनवेल परिसरातील रसिकांना हार्बर लोकलने सीएसएमटी गाठून हे दालन पाहता येईल.