लहान क्रियापदांचा मोठा संसार

गेल्या सहामाही परीक्षेच्या इंग्रजीच्या उत्तरपत्रिका तपासत असताना इयत्ता नववीतील एका विद्यार्थ्याचे वाक्य आमच्या नजरेस पडले. गावात आग लागली, अग्निशामक दलाची गाडी आली आणि जवानांनी ती आग विझविली, असे त्यास लिहावयाचे होते. त्याने लिहिले होते, ‘द फायरमेन पुट ऑफ द फायर.’ आता ‘पुट ऑफ’ म्हणजे पुढे ढकलणे. म्हणजे जवान आले, त्यांनी आगीकडे पाहिले आणि ती पुढील तारखेस ठेवून ते परत गेले, असा त्या वाक्याचा अर्थ झाला! आम्हांस हसू आले, हे कबूल केले पाहिजे. वर्गात कोणाचेही नाव न सांगता ते वाक्य वाचून दाखविले, तेव्हा मुलेही हसली.

परंतु मागाहून विचार करता आमचे हसू मावळले. त्या मुलाने चूक केली खरी. पण ती अविचाराने केली नव्हती. मराठीत आपण दिवाही विझवितो आणि आगही विझवितो. विजेचा दिवा बंद करण्यास आपल्याकडे ‘पुट ऑफ द लाईट’ असे सर्रास म्हणतात. मग दिव्यास जे चालते ते आगीस का चालू नये? तर्क शुद्ध होता. मात्र इंग्रजी भाषा त्याच्या तर्कास बांधलेली नव्हती. त्यास जवळ बोलावून विचारले, तेव्हा आणखी एक गोष्ट कळली. परीक्षेच्या आदल्या रात्री त्याने मार्गदर्शक पुस्तकातील ‘पुट’ची सगळी यादी पाठ केली होती. पुट ऑन, पुट ऑफ, पुट आऊट, पुट अप, पुट डाऊन, पुट बाय, पुट अप विथ. रात्री सारे अर्थ मुखोद्गत होते. सकाळी प्रश्नपत्रिका हाती आल्यावर त्यांची आपापसांत अदलाबदल झाली. हा अनुभव त्या एकट्याचा नव्हे. म्हणूनच या विषयावर चार शब्द लिहावेत असे आम्हांस वाटले.

ही लहान क्रियापदे परकीयांस अवघड जातात, ही गोष्ट इंग्रजांसही पुरेपूर ठाऊक आहे. डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी 1755 साली आपला प्रसिद्ध इंग्रजी कोश प्रसिद्ध केला. त्याच्या प्रस्तावनेत, क्रियापदापुढे एखादे अव्यय जोडून अर्थ पालटण्याची जी इंग्रजीची रीत आहे, तीच परकीयांस सर्वांत अधिक अडचणीत टाकते, असे त्यांनी स्पष्ट म्हटले आहे. ‘पुट’ या एका शब्दास त्यांना त्या भल्या मोठ्या कोशाची तीनांहून अधिक पाने द्यावी लागली, तर ‘टेक’ या शब्दाचे त्यांनी 134 अर्थ नोंदविले. पुढे ऑक्सफर्डचा महाकोश 1928 साली पूर्ण झाला. त्यातील सर्वांत लांब नोंद कोण्या अवजड विद्वत्तापूर्ण शब्दाची नव्हती, तर ‘सेट’ या तीन अक्षरी शब्दाची होती. त्या कोशाचे नवे संस्करण आजही चालू आहे. त्यात 2011 साली ‘रन’ या क्रियापदाचे 645 अर्थ मोजण्यात आले. शब्द जितका लहान आणि रोजच्या वापरातला, तितका त्याचा संसार मोठा, असा हा प्रकार आहे.

तेव्हा विद्यार्थ्यास हे अवघड वाटले तर त्यात नवल नाही. परंतु अवघड गोष्ट शिकण्याचे जे दोन मार्ग आपल्याकडे रूढ आहेत, ते दोन्ही आम्हांस चुकीचे वाटतात. पहिला मार्ग यादी पाठ करण्याचा. त्याचे फळ वर सांगितलेच. दुसरा मार्ग या क्रियापदांस टाळण्याचा. एका पालकांनी आम्हांस मोठ्या तळमळीने सांगितले होते, “सर, हे ‘पुट आऊट’, ‘पुट ऑफ’ म्हणजे बोलाचालीचे इंग्रजी झाले. मुलांना जरा भारदस्त शब्द शिकवा. ‘एक्स्टिंग्विश’, ‘पोस्टपोन’ असे काही असले म्हणजे कसे, शिकल्यासारखे वाटते.” त्यांची कळकळ आम्ही जाणतो. ज्यांस स्वतःस इंग्रजी शिकावयास मिळाले नाही, त्यांना आपल्या मुलाच्या तोंडचा एकेक मोठा शब्द अलंकारासारखा वाटतो. परंतु त्या सद्‌गृहस्थांशी आमचा मतभेद आहे.

‘पोस्टपोन’ हाच शब्द घ्या. तो लॅटिनमधून आला आहे. त्यातील ‘पोस्ट’ म्हणजे नंतर आणि ‘पोन’ म्हणजे ठेवणे. म्हणजे ज्यास आपण भारदस्त समजतो, तो शब्दही मुळात ‘ठेवणे’ या साध्या क्रियापदास एक लहान अव्यय जोडूनच बनला आहे. लॅटिन शेतकरीही बहुधा तो सहज समजला असता. आपल्यास तो भारदस्त वाटतो, कारण त्याचे सांधे आपल्यास दिसत नाहीत. आणि ‘पुट आऊट’ हलके म्हणावे, तर शेक्सपिअरचे काय करावयाचे? गोविंद बल्लाळ देवल यांनी ज्या ‘ऑथेल्लो’वरून ‘झुंझारराव’ हे नाटक रचले, त्यात पत्नीचा वध करण्यापूर्वी नायक हातातील दिव्यासाठी आणि तिच्या प्राणासाठी हेच साधे क्रियापद योजतो. मराठीतही आपण दिवा मालवतो आणि प्राणज्योतही मालवते. अशा प्रसंगी त्या महाकवीस ‘एक्स्टिंग्विश’ची गरज भासली नाही.

मग या क्रियापदांचा अभ्यास करावा तरी कसा? आमचे म्हणणे असे की, त्याची किल्ली आपल्या घरातच आहे.

आमच्या घरची भाषा कोंकणी. गोव्यातील आमच्या गावच्या प्राथमिक शाळेची भाषा मराठी. ‘घालप’ हे क्रियापद आम्ही आईच्या तोंडून शिकलो. झाडांक उदक घाल, पोटांत दोन घास घाल, असे ते रोज कानांवर पडे. पुढे मराठीच्या पाठ्यपुस्तकात ‘अपराध पोटात घालावा’ असे वाचले, तेव्हा आम्ही खरोखरच बुचकळ्यात पडलो. अपराध हा खाण्याचा पदार्थ कसा, आणि कोणी तो खावाच का? गुरुजींनी अर्थ सांगितला, ‘क्षमा करणे’. तोवर दुसऱ्या पाठात ‘पाठीशी घालणे’ आले, तेथे अर्थ निघाला कोणाच्या दोषास संरक्षण देणे. एका ‘घालणे’ने किती रूपे घ्यावीत! अंगात सदरा घालतात, कोडे घालतात, वाद घालतात, समजूत घालतात, साकडे घालतात, बंदी घालतात, लक्ष घालतात, जेवू घालतात, जखमेवर फुंकर घालतात, जन्मास घालतात, आणि चुकणाऱ्याच्या डोळ्यांत अंजनही घालतात. यांची यादी आम्हांस कोणी पाठ करावयास दिली नाही. एकेक प्रयोग एकेका गोष्टीत, एकेका प्रसंगात भेटला आणि त्या प्रसंगासह मनात राहिला. ज्यांची घरची भाषा मराठीच आहे, त्यांस तर ही संपत्ती न मागता मिळाली आहे. म्हणूनच ती आपल्यापाशी आहे याची त्यांना जाणीव नसते.

संस्कृत घेतलेल्या विद्यार्थ्यांस आणखी एक दाखला देतो. ‘धा’ या धातूचा मूळ अर्थ ठेवणे, धारण करणे. त्यास उपसर्ग लागले की परिधान, निधान, संधान, व्यवधान, समाधान असे शब्द होतात. वस्त्र अंगाभोवती ठेवणे ते परिधान. इंग्रजीचे ‘पुट ऑन’ याहून निराळे काय आहे? संस्कृतात लहान शब्द धातूच्या आधी बसतो, इंग्रजीत क्रियापदाच्या मागून येतो, आणि मराठीत हेच काम बहुधा क्रियापदाआधीचे नाम करते. युक्ती सर्वत्र एकच आहे. थोड्या क्रियापदांत पुष्कळ अर्थ भरावयाचे.

ही युक्ती ओळखली म्हणजे अर्थांच्या गर्दीतही वाट दिसू लागते. ‘पुट’चा जुना अर्थ ढकलणे, रेटणे असा होता. आपल्या क्रीडामहोत्सवात गोळाफेकीस ‘शॉट पुट’ म्हणतात, तेथे तो अर्थ अजून जिवंत आहे. कारण त्या खेळात गोळा चेंडूसारखा फेकत नाहीत, तर खांद्यापासून पुढे रेटतात. आता ‘पुट ऑफ’कडे पाहा. सभा आजच्या दिवसापासून दूर रेटली, म्हणजे पुढे ढकलली. मराठीनेही येथे ‘ढकलणे’ हेच क्रियापद निवडले आहे. ‘पुट आऊट’ म्हणजे बाहेर घालविणे. आग होती, ती नाहीशी केली. ‘पुट बाय’ म्हणजे बाजूस ठेवणे. म्हणूनच अडीअडचणीसाठी पैसे शिल्लक टाकणे. ‘पुट डाऊन’ म्हणजे खाली ठेवणे, कागदावर उतरवून ठेवणे आणि बंड दडपून टाकणे. ‘पुट अप’ म्हणजे कोणास आपल्या घरी उतरवून घेणे, आणि ‘पुट अप विथ’ म्हणजे निमूटपणे सोसणे. पाहुण्यांस हौसेने ‘पुट अप’ करणारा यजमान आठव्या दिवशी त्यांना ‘पुट अप विथ’ करू लागतो, हे वाक्य आम्ही वर्गात सांगितले, तेव्हापासून या दोहोंची अदलाबदल फारशी कोणी केलेली नाही.

येथे एक इशारा देणे आवश्यक आहे. आपली भाषा शिकण्याची रीत देते. तयार उत्तर देत नाही. मराठीत वाद घालतात म्हणून इंग्रजीत वाद ‘पुट’ करता येत नाही. कोंबडी मराठीत अंडी घालते, इंग्रजीत ती ‘ले’ करते. ज्याने शब्दास शब्द लावला, तो पुन्हा आग पुढे ढकलणार! तसेच, साध्या क्रियापदांचा पुरस्कार करताना आम्हांस मोठ्या शब्दांचा द्वेष करावयाचा नाही. अर्ज, अहवाल, विज्ञानाचे उत्तर यांत ‘पोस्टपोन’ आणि ‘एक्स्टिंग्विश’ शोभून दिसतात. पण घरगुती पत्रात किंवा गोष्टीत ते लग्नाच्या पोशाखाने विहिरीवर जाण्यासारखे होतात. दोन्ही पोशाख पेटीत असावेत आणि कोणता केव्हा घालावा हे कळावे, एवढेच आमचे मागणे.

थोडे शब्द शिकले म्हणजे भाषा सोपी होते, हा समजही आम्ही येथेच दूर करू इच्छितो. सी. के. ऑग्डेन या इंग्रज विद्वानाने 1930 साली परकीयांसाठी अवघ्या 850 शब्दांची ‘बेसिक इंग्लिश’ रचली. तीत क्रियापदे होती केवळ 18, आणि त्यांत ‘पुट’, ‘टेक’, ‘गेट’, ‘गिव्ह’ ही मंडळी अर्थातच होती. योजना मोठी चतुर होती. परंतु 18 क्रियापदांकडून शेकडो क्रियापदांचे काम करून घ्यावयाचे, तर त्यांच्या जोड्या शिकाव्याच लागतात. आणि अडचण तर नेमकी जोड्यांचीच आहे. तेव्हा येथे आडवाट नाही. वाचन आणि सवय हाच राजमार्ग.

विद्यार्थिमित्रांनो, आमची सूचना अगदी साधी आहे. एक लहानशी वही करा. आठवड्यास तीनच प्रयोग लिहा. परंतु ज्या गोष्टीत किंवा बातमीत ते भेटले, ते संपूर्ण वाक्य उतरून घ्या. त्याखाली त्याच प्रसंगी तुमच्या घरी काय म्हणतात ते लिहा. घरची भाषा मराठी असो, कोंकणी असो वा कन्नड असो. मग स्वतःच्या दिवसातील एक खरे वाक्य त्या प्रयोगाने रचा. एक नियम मात्र ध्यानात ठेवा. ‘पुट ऑन द शर्ट’ आणि ‘पुट द शर्ट ऑन’ ही दोन्ही शुद्ध आहेत. परंतु सदऱ्याच्या जागी ‘इट’ हे सर्वनाम आले की ते मध्येच बसते, ‘पुट इट ऑन’. आठवड्यास तीन म्हणजे शालेय वर्षात शंभराच्या आसपास प्रयोग होतात, आणि ते परीक्षेच्या सकाळी एकमेकांच्या जागा घेत नाहीत.

पालकांस आमची विनंती आहे की, मुलाच्या वहीत साधा शब्द दिसला म्हणून त्याचे इंग्रजी कच्चे समजू नये. त्यापेक्षा, आमच्या लहानपणी या प्रसंगी असे म्हणत असत, म्हणून घरातील एखादा जुना वाक्प्रचार त्यास सांगावा. आजीपाशी असे कितीतरी वाक्प्रचार पडून आहेत. ते ऐकलेला मुलगा परक्या भाषेच्या दाराशी रिकाम्या हाताने उभा राहत नाही.

सहामाहीत आग पुढे ढकलणाऱ्या त्या विद्यार्थ्याने अशी वही केली आहे. परवा त्याने ती आम्हांस दाखविली. पहिल्याच पानावर अग्निशामक दलाचे वाक्य त्याने दुरुस्त करून लिहिले आहे, आणि खाली पुस्ती जोडली आहे, ‘आमची आजी म्हणते, चूल विझवू नये, निखारे राखेत झाकून ठेवावेत. याला इंग्रजीत काय म्हणतात?’ आम्ही अजून उत्तर दिलेले नाही. तो स्वतः शोधीत आहे, आणि आम्हीही.