पिवळ्या अक्षरांची हमी

खासगी दुचाकीवर भाड्याने प्रवासी नेण्याला हरकत घेणारे लोक काळी-पिवळी टॅक्सीवाल्यांची मक्तेदारी राखतात, असा आरोप गेली काही वर्षे ऐकू येतो. प्रवासी राजी, चालक राजी, मग नंबरची पाटी खासगी पांढरी की व्यावसायिक पिवळी याची उठाठेव सरकारने का करावी, असा हा पूर्वपक्ष आहे. त्यामागची गरज खरी आहे. मुंबईत लालबाग-परळला रिक्षा चालत नाही, जवळचे भाडे टॅक्सीवाला नाकारतो, आणि अरुंद रस्त्यांतून स्टेशन गाठायला दुचाकीसारखे वाहन नाही. पण गरज खरी असली म्हणून नोंदणी निरर्थक ठरत नाही. वाहतूक वाहन म्हणून नोंद झालेल्या गाडीला पहिली आठ वर्षे दर दोन वर्षांनी आणि पुढे दरवर्षी फिटनेस दाखवावा लागतो. खासगी गाडीच्या नोंदणीला मात्र 15 वर्षे कोणी हात लावत नाही. त्याहून मोठा प्रश्न विम्याचा. खासगी पॉलिसीत भाड्याने वापर वगळलेला असतो आणि परवाना नसताना भाड्याने गाडी चालवली हा बचाव मोटार वाहन कायदाच विमा कंपनीला देतो. अमृत पॉल सिंग प्रकरणात 2018 साली सर्वोच्च न्यायालयाने परवाना नसणे हा पॉलिसीचा मूलभूत भंग मानला. विमा कंपनीने भरपाई आधी द्यावी आणि मालकाकडून वसूल करावी, हा आदेश कायम ठेवला. म्हणजे वसुलीची नोटीस येणार ती हप्त्यावर दुचाकी घेतलेल्या पोराच्या घरी. पांढरी पाटी ही त्याला मिळालेली सवलत नव्हे, त्याच्या गळ्यात अडकवलेली जोखीम आहे.

म्हणून जानेवारी 2023 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ॲपवरून बाइक टॅक्सी चालवणाऱ्या रॅपिडो कंपनीला विनापरवाना सेवा ताबडतोब थांबवायला सांगितले, ते योग्यच झाले. त्याच महिन्यात शासनाने खासगी नोंदणीच्या वाहनांना अशा वापरास मनाई केली आणि फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयानेही कंपनीला दिलासा नाकारला. पण या निकालांनी शासन निर्दोष ठरले, असे समजणाऱ्यांशीही माझा तितकाच वाद आहे. पुण्याच्या आरटीओने रॅपिडोचा परवान्याचा अर्ज फेटाळताना राज्यात बाइक टॅक्सीचे धोरणच नाही, असे कारण दिले होते. धोरण करायचे कोणी? प्रवासी मागे बसवून भाड्याने चालणारी मोटारसायकल हे वाहतूक वाहन आहे, असे केंद्राच्या 5 नोव्हेंबर 2004 च्या अधिसूचनेत स्वच्छ लिहिले आहे. शेजारच्या गोव्यात तर पिवळ्या-काळ्या मोटारसायकलीवरचे ‘पायलट’ कित्येक वर्षे रीतसर प्रवासी नेत आहेत. महाराष्ट्राचे बाइक-टॅक्सी नियम आले जुलै 2025 मध्ये. मधली वीस वर्षे नोंदणीचे दार बंद ठेवायचे आणि मग भिंतीवरून उडी मारणाऱ्याला पकडायचे, याला कायद्याची अंमलबजावणी म्हणवत नाही.

टॅक्सी संघटनांचा आक्षेप पोटापाण्याचा आहे, तो हेटाळणीने उडवून लावू नये. पहिल्या दीड किलोमीटरला टॅक्सीचे 31 रुपये आणि बाइक टॅक्सीचे 15, हा फरक दादर किंवा करी रोडच्या छोट्या भाड्यांवर जाणवणारच. मात्र टॅक्सीवाल्याचा न्याय्य हक्क एवढाच की परवाना, फिटनेस, विमा आणि बॅज यांचा जो खर्च त्याने सोसला तो प्रतिस्पर्ध्यानेही सोसावा. प्रतिस्पर्धीच नको, असा हक्क कायद्याने कोणाला दिलेला नाही.

नव्या नियमांत एक खोट मात्र राहिली आहे. दार उघडले ते फक्त विजेवर चालणाऱ्या दुचाकींना, ज्यांच्या हिरव्या पाटीवर व्यावसायिक नोंदणीची पिवळी अक्षरे असतात. प्रदूषणाचे कारण खोटे नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्याच 2001 च्या आदेशानंतर जुन्या टॅक्सींना सीएनजीवर यावे लागले होते. पण तेव्हा गाडी बदलण्यासाठी मुदत होती. आज पेट्रोलची दुचाकी हेच ज्याचे भांडवल आहे, त्याला ना रूपांतराचा मार्ग, ना मुदत. ताडदेवच्या आरटीओत अशा मालकाचा अर्ज स्वीकारला जावा, ठरावीक वर्षांपुरती व्यावसायिक नोंद मिळावी, आणि अर्ज नाकारायचा असेल तर ठरल्या दिवसांत लेखी कारण द्यावे. ‘धोरण नाही’ हे कारण त्यात चालू नये.