आप्त कोण?

गेल्या ज्येष्ठांत आमच्या थोरल्या बंधूंचा नातू सुटीसाठीं घरीं आला होता. पुण्यास अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षांत शिकणारा, बुद्धीनें चांगला आणि बोलण्यांत विनयी असा हा मुलगा एके रात्रीं जेवणें आटोपल्यावर ओसरीवर आमच्याजवळ येऊन बसला. इकडच्या तिकडच्या गोष्टी झाल्यावर त्यानें विचारलें, "आजोबा, एखाद्या पदार्थाविषयीं पुष्कळ माणसांनीं स्वतः घेऊन पाहून आपला अनुभव लिहून ठेवला असेल, तर तो खरा मानावा कीं नाहीं?" पदार्थ कोणता, असें आम्हीं विचारतांच तो क्षणभर घुटमळला आणि म्हणाला, "गांजा म्हणा, दुसरें कांहीं म्हणा. माझ्या खोलींतला एक सोबती घेतो. त्याचें म्हणणें असें कीं, घरचीं माणसें अनुभव न घेतां निंदा करतात. ज्यांनीं अनुभव घेतला ते तर वेगळेंच सांगतात."

यावर आम्हीं काय केलें? जें शाळेंत जन्मभर केलें तेंच. कुसंगतीचे दोष सांगितले, एकदोन सुभाषितें ऐकविलीं, आणि खोली बदलून घे असा उपदेश करून त्यास निजावयास पाठविलें. तो "बरं, आजोबा" म्हणून उठून गेला. परंतु अंथरुणावर पडल्यावर आमच्या ध्यानांत आलें कीं, मुलानें प्रश्न प्रमाणशास्त्राचा विचारला होता आणि आम्हीं उत्तर नीतीचें दिलें. ज्या विद्यार्थ्यास गुरुजींकडून उत्तर मिळत नाहीं तो तें दुसरीकडे शोधावयास जातो, हें आम्हांस तरी ठाऊक असावयास पाहिजे होतें. म्हणून त्या प्रश्नाचा विचार आज वाचकांसमोर मांडीत आहों.

आमच्या न्यायशास्त्रांत प्रत्यक्ष, अनुमान, उपमान व शब्द अशीं चार प्रमाणें मानिलीं आहेत, आणि शब्द म्हणजे आप्ताचा उपदेश. मराठींत 'आप्त' म्हणजे नातलग असा अर्थ आज रूढ आहे. शास्त्रांत मात्र तो निराळा आहे. न्यायसूत्रांवरील भाष्यांत वात्स्यायन सांगतात कीं, ज्यानें वस्तु साक्षात् जाणली आहे आणि जशी जाणली तशीच ती दुसऱ्यास सांगावी अशी ज्यास इच्छा आहे, तो आप्त. आणि हें लक्षण ऋषि, आर्य व म्लेच्छ या तिघांसही सारखेंच लागू पडतें. वय किंवा नातें यांचा त्यांत उल्लेख नाहीं. या कसोटीनें पाहतां त्या सोबत्याचें म्हणणें निम्में तरी खरें ठरतें. ज्यानें गांजाचा झुरका कधीं घेतला नाहीं त्या आमच्यासारख्यास, तो घेतल्यावर काय वाटतें हें सांगण्याचा अधिकार नाहीं. आतां पाहावयाचें तें एवढेंच कीं, ज्यानें घेतला त्यास तरी तो पुरता अधिकार आहे काय. कारण मदकारी द्रव्याची शार्ङ्गधरानें केलेली व्याख्याच अशी आहे कीं, जें बुद्धीचा लोप करतें तें मदकारी. आणि साक्ष द्यावयाची ती तर बुद्धीनेंच!

हा प्रश्न कसास लावून पाहण्याजोगें एक उत्तम उदाहरण इंग्लंडच्या इतिहासांत सांपडतें. ब्रिस्टल शहरीं टॉमस बेडोज या वैद्यानें निरनिराळ्या वायूंनीं रोग बरे होतात काय हें पाहण्यासाठीं १७९९ सालीं एक संस्था काढली, आणि प्रयोगांचें काम हंफ्री डेव्ही या वीस वर्षांच्या तरुणावर सोंपविलें. डेव्हीनें नायट्रस ऑक्साइड नांवाचा वायु स्वतः तयार केला व स्वतः श्वासावाटे घेतला. त्यापासून विलक्षण आनंद होतो असें आढळल्यावर त्यानें तो मित्रांस, रोग्यांस व पाहुण्यांस रेशमी पिशवींतून दिला, आणि अनेकांचे अनुभव त्यांच्याच शब्दांत लिहून घेतले. १८०० सालीं छापलेल्या त्याच्या ग्रंथांत हे अनुभव एकत्र वाचावयास मिळतात. कोणी हसत सुटला, कोणी नाचला, एकानें तर आपल्या अवस्थेस तंतुवाद्याच्या नादाची उपमा दिली. सदी आणि कोलरिज हे दोन तरुण कविही त्या मंडळींत होते.

परंतु डेव्हीचा विशेष या वर्णनांत नाहीं. वेजवुड नांवाच्या गृहस्थांस त्यानें प्रथम न सांगतां साधी हवाच दिली. तिचा कांहीं परिणाम झाला नाहीं असें त्यांनीं सांगितलें, तेव्हां खरा वायु दिला. कल्पनेचा खेळ किती आणि द्रव्याचा गुण किती हें निवडण्याची ही युक्ति होती. ज्यांस तो वायु मानवला नाहीं त्यांचेंही म्हणणें त्यानें गाळलें नाहीं. इतकेंच नव्हे, तर दुसरा कोणी वायु घेतांना दिसला, किंवा नुसती ती पिशवी दृष्टीस पडली, तरी आपल्यास तो घेण्याची इच्छा होते, हेंही त्यानें स्वतःविषयीं नमूद करून ठेवलें. आप्त असावा तर असा. आणि तरीही झालें काय? त्याच ग्रंथांत, हा वायु वेदना नाहींशी करीत असल्यामुळें शस्त्रक्रियेच्या वेळीं उपयोगीं पडण्याचा संभव आहे, असें त्यानें लिहून ठेवलें होतें. आनंदाचीं वर्णनें सर्वांनीं वाचलीं, वायु हुंगण्याची मौज लोकप्रिय झाली. पण तें एक वाक्य तसेंच पडून राहिलें. अमेरिकेंत हार्टफर्ड येथील होरेस वेल्स या दंतवैद्यानें हा वायु घेऊन स्वतःची दाढ काढविली ती १८४४ सालीं. मध्यंतरीं चव्वेचाळीस वर्षें लोक असह्य वेदना सोशीत राहिले. सांगणारा प्रामाणिक असला तरी ऐकणारा त्यांतून आपल्यास गोड तेवढेंच उचलतो, असा याचा अर्थ.

आतां दुसरी गोष्ट अफूची. टॉमस डी क्विन्सी हा ऑक्सफर्डचा विद्यार्थी १८०४ सालीं लंडनमध्यें चेहऱ्याच्या व डोक्याच्या वेदनांनीं हैराण झाला असतां, एका ओळखीच्या माणसानें त्यास अफू घेण्यास सुचविलें. त्या काळीं ती औषधाच्या दुकानांत कोणासही मिळे. पुढें कित्येक वर्षें तो ती कधीं मधीं, ठरवून, सुखासाठीं घेत असे. १८१३ पासून रोज घेऊं लागला. आणि त्याच्याच सांगण्याप्रमाणें एका काळीं दिवसाचें प्रमाण ३२० ग्रेनांवर, म्हणजे सुमारें पावणेदोन तोळ्यांवर गेलें. १८२१ सालीं 'लंडन मॅगझीन' या मासिकांत त्यानें आपली हकीकत निनांवी छापली. तींत अफूचीं सुखें आहेत, तशींच दुःखेंही आहेत. भयंकर स्वप्नें आहेत, कामाची शक्ति नष्ट झाल्याचें रडगाणें आहे. लेखक खोटें बोलला असें कोणी म्हणणार नाहीं. परंतु शेवटीं त्यानें असें भासविलें कीं, आपण या पाशांतून जवळजवळ सुटलों. पुढच्याच वर्षीं पुस्तक निघालें त्याच्या पुरवणींत तसें नसल्याचें त्यासच कबूल करावें लागलें, आणि १८५९ सालीं मरेपर्यंत अफूनें त्यास सोडलें नाहीं. म्हणजे प्रवास अर्धा झाला असतां वाटसरूनें मुक्कामाचें वर्णन लिहिलें.

ब्रिस्टलच्या मंडळींतील कोलरिजची कथा याहून करुण. तोही अफूच्या आहारीं गेला होता, परंतु तें लपवीत असे. १८१४ सालीं ब्रिस्टल येथील एका मित्रास त्यानें पत्र लिहिलें, आणि आपल्या मृत्यूनंतर आपली दुर्दशा व तिचें कारण हें सर्व जगापुढें उघड करावें, म्हणजे दुसऱ्या कोणास तरी त्याचा उपयोग होईल, अशी विनंति केली. १८१६ पासून १८३४ सालीं मरेपर्यंत तो लंडनजवळ हायगेट येथें गिलमन या वैद्याच्या घरीं राहिला; वैद्य प्रमाण आंखून देई आणि कवि चोरून अधिक मिळवी. तें पत्र प्रसिद्ध झालें १८३७ सालीं. सुखाचें वर्णन दुसऱ्या दिवशीं छापतां येतें. दुःखाची साक्ष मात्र मेल्यावर उघडावी अशी माणसाची इच्छा असते. स्वानुभवांच्या राशींत गोड पानें अधिक कां दिसतात, याचें एक कारण हें आहे. दुसरें कारण याहूनही साधें: ज्याचा घात झाला तो लिहावयास बसत नाहीं.

म्हणून कोणाचाही असा अनुभव वाचतांना चार प्रश्न विचारावे. हा लिहिला केव्हां, पहिल्या महिन्यांत कीं दहाव्या वर्षीं? लिहिणारा त्या वस्तूपासून मोकळा झाल्यावर लिहितो, कीं तिच्या अंकित असतांना? ज्यांनीं लिहिलें नाहीं त्यांचें काय झालें? आणि चौथा, त्यानें घेतलें तेंच आपल्या हातांत आहे हें कशावरून? डेव्ही आपला वायु स्वतः करून मोजून घेत असे; चोरट्या वाटेनें विकत घेणाऱ्यास पुडींत काय आहे, किती आहे, हें कळण्यास कांहींच मार्ग नसतो. शिवाय द्रव्य एक असलें तरी प्रकृति भिन्न, हें तर आमचा आयुर्वेद मुळारंभापासून सांगत आला आहे. एकास जें पचलें तें दुसऱ्याचें चित्त कायमचें बिघडवूं शकतें.

हें वाचून कोणी गृहस्थ म्हणतील कीं, मग असलीं पुस्तकें घरांत येऊंच देऊं नयेत. त्यांच्यासाठीं एक हकीकत सांगतों. डी क्विन्सी वारला त्याच १८५९ सालीं फ्रान्सिस टॉमसन नांवाचा इंग्रज कवि जन्मला. तो मँचेस्टर येथें वैद्यक शिकत असतां त्यास डी क्विन्सीचें तेंच पुस्तक भेट मिळालें, आणि तें देणारी त्याची आईच होती, असें त्याचे चरित्रकार सांगतात. मुलगा अफूच्या नादीं लागला, शिक्षण सुटलें, आणि लंडनच्या रस्त्यांवर उघड्यावर निजण्याची पाळी त्याच्यावर आली. शेवटीं १८८८ च्या सुमारास मेनेल नांवाच्या संपादक दांपत्यानें त्यास जवळ केलें, म्हणून तो आणखी जगला व लिहूं शकला. दोष पुस्तकाचा एकट्याचा नव्हता, आणि त्या माउलीचा तर मुळींच नव्हता. आमच्या मनास लागतें तें हें कीं, पुस्तक घरांतूनच मिळालें, पण तें वाचून मनांत काय उठलें हें सांगावयास घरांत जागा होती किंवा नाहीं? ती जागा पुढें परक्यांनीं दिली.

व्यसनाच्या स्वानुभवकथनाचा एक शुभ प्रकारही आहे, तो सांगितल्याशिवाय विषय पुरा होणार नाहीं. अमेरिकेंत ॲक्रन गांवीं १९३५ सालीं एक शेअरदलाल व एक शस्त्रवैद्य, दोघेही दारूनें गांजलेले, एकमेकांस आपापली कथा सांगूं लागले, आणि त्यांतून अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस ही संघटना निघाली. आमच्याकडे पुण्यास डॉ. अनिल अवचट व त्यांच्या पत्नी डॉ. सुनंदा यांनीं १९८६ सालीं 'मुक्तांगण' सुरू केलें. तेथेंही व्यसनांतून बाहेर पडलेला मनुष्य नव्या रोग्यासमोर बसून स्वतःचा अनुभव सांगतो. वर विचारलेल्या प्रश्नांस ज्याच्यापाशीं उत्तर आहे असा हा वक्ता. त्यानें वस्तु जाणली आहे, तिचा शेवटही जाणला आहे, आणि जशी जाणली तशी सांगण्यांत त्याचा कांहीं स्वार्थ नाहीं. वात्स्यायनांच्या लक्षणांत तो पूर्ण बसतो, मग त्याचें कुल व शिक्षण कांहीं असो.

हें सर्व आम्हीं त्या मुलास एका लांबलचक पत्रांत लिहून कळविलें, आणि शेवटीं लिहिलें कीं, त्या रात्रीं तुझा प्रश्न आम्हीं नीट ऐकला नाहीं, ही आमची चूक झाली. उत्तर आलें नाहीं. गणपतीस तो घरीं आला. आरती होऊन मंडळी पांगल्यावर तो पुनः ओसरीवर आमच्याजवळ येऊन बसला, आणि बऱ्याच वेळानें खालीं पाहत म्हणाला, "आजोबा, खोलींत सोबती कोणी नाहीं. मी एकटाच राहतों."

आम्हीं सुभाषित म्हटलें नाहीं. कधींपासून, एवढेंच विचारलें, आणि मग मध्यरात्रीपर्यंत ऐकत बसलों. दुसऱ्या दिवशीं त्याच्या संमतीनें त्याच्या वडिलांस सांगितलें. ते तापट, परंतु आमच्या विनंतीवरून त्यांनीं त्या दिवशीं शब्दही उच्चारला नाहीं, आणि त्याच आठवड्यांत बापलेक मिळून मनोविकारतज्ज्ञाकडे जाऊन आले. उपचार चालू आहेत. पुढें काय होईल तें आतांच लिहिणें म्हणजे डी क्विन्सीची चूक आम्हीं करण्यासारखें आहे.

वाचकांस विनंति इतकीच. आपल्या घरांतही असा कोणी मुलगा किंवा मुलगी दुसऱ्याचें नांव पुढें करून प्रश्न विचारील. उत्तर देण्याची घाई करूं नये. आधीं प्रश्न पुरता ऐकून घ्यावा. नात्यानें आप्त असणें आपल्या हातीं नाहीं, तें जन्मानेंच मिळतें. दुसऱ्या अर्थानें आप्त होणें मात्र थोडेंबहुत आपल्या हातीं आहे. त्या रात्रीं मुलानें जें सांगितलें तें येथें लिहिण्याचा अधिकार आम्हांस नाहीं. तो अनुभव त्याचा आहे. सांगावयाचा झाल्यास तो बरा झाल्यावर तोच सांगेल.