आयनुरांचे संगीत आणि नादब्रह्माचे सुलभ समीकरण

तौलनिक साहित्याभ्यासात साम्यस्थळ सापडल्याचा आनंद हाच पुष्कळदा अभ्यासाचा शेवट ठरतो. वस्तुतः तो आरंभ असावयास हवा. जे. आर. आर. टोल्किन (१८९२–१९७३) यांच्या ‘आयनुलिंदाले’ या कथेच्या बाबतीत हा धोका विशेष संभवतो. त्यांचे पुत्र ख्रिस्तोफर यांनी संपादित करून १९७७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘द सिल्मरिलियन’ या ग्रंथाच्या प्रारंभी ती येते. एका कल्पित विश्वाच्या उत्पत्तीपूर्वी संगीत होते, हे तिचे आशयसूत्र. भारतीय परंपरेत वाढलेल्या वाचकाला ते वाचताच नादब्रह्म आठवावे, हे स्वाभाविकच आहे. परंतु तेवढ्यावर थांबणे हा दोन्ही परंपरांवर अन्याय होय.

कथेतील क्रम पाहण्यासारखा आहे. एकमेव इलूवातार आपल्या विचारातून आयनुर हे दिव्य जीव निर्माण करतो आणि त्यांच्यापुढे एक संगीतविषय मांडतो. ज्याने त्याने आपल्या प्रतिभेनुसार तो फुलवावयाचा असतो. त्यांतील सर्वांत सामर्थ्यवान असा मेल्कोर मूळ विषयाशी न जुळणारे स्वतःचे स्वर त्यात घुसवतो. शेजारचे गायक गोंधळतात. काही गप्प होतात, काही त्याच्याच सुरात सूर मिसळतात. इलूवातार दुसरा आणि मग तिसरा विषय मांडतो. अखेरीस दोन संगीते एकाच वेळी चालू राहतात. एक संथ, गहन आणि मुख्यत्वे दुःखामुळे सुंदर झालेले. दुसरे कर्कश, पोकळ, त्याच त्या स्वरांची पुनरावृत्ती करणारे. दुसऱ्याचे विजयी स्वरही पहिले आपल्या विणीत सामावून घेते.

देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाने तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकर’ रचणाऱ्या शार्ङ्गदेवाने नादाचे आहत आणि अनाहत असे दोन भेद सांगितले व नादब्रह्माची उपासना प्रतिपादिली. तेथे नाद हे अद्वय तत्त्व आहे. टोल्किन यांच्या कथेत संगीत हे तत्त्व नसून कृती आहे: अनेकांनी मिळून केलेली, आदि-अंत असलेली आणि बिघडू शकणारी. शिवाय ते विश्वाला अस्तित्व देत नाही. संगीत थांबल्यावर आयनुरांना त्याचे दृश्यरूप दाखविले जाते, तेही मावळते. त्यानंतर इलूवातार ‘एआ’, म्हणजे ‘असो’, हा शब्द उच्चारतो तेव्हा सृष्टी होते. पहिल्या महायुद्धानंतर लगेचच्या वर्षांत लिहिलेल्या आणि १९८३ मध्ये प्रकाशित झालेल्या मूळ खर्ड्यात ही फारकत नव्हती; तेथे गायनाबरोबरच सृष्टी आकार घेते. गाणे आणि अस्तित्व यांच्यामध्ये लेखकाने नंतर घातलेले हे अंतर त्याच्या कॅथलिक श्रद्धेशी सुसंगत आहे. रचना जीवांची असू शकते, अस्तित्वदान मात्र ईश्वराचेच. १९३९ च्या परीकथाविषयक व्याख्यानात मानवी कल्पनेच्या कार्याला टोल्किन यांनी उपनिर्मिती मानले, ते याच भूमिकेतून.

या कथेची बैठक युरोपीय बहुस्वरी संगीताची आहे. विषय फुलविण्याची कल्पना ख्यालातील बढतीशी जवळीक सांगते, हे मान्य करावे लागेल. पण ख्यालात एका वेळी एकच स्वराकृती उलगडत असते आणि साथ तिच्या मागून जाते. दोन स्वतंत्र स्वरप्रवाह एकाच क्षणी झुंजावेत आणि एकाने दुसऱ्याला आपल्या रचनेचा अंश करून घ्यावे, ही प्रतिमा बहुस्वरी परंपरेतच सहज सुचू शकते. दुष्टाव्याचा प्रश्न येथे तत्त्वचर्चेतून नव्हे, संगीताच्या रचनेतून मांडला गेला आहे.

ही कथा मराठीत उतरवू पाहणाऱ्याची अडचण येथूनच सुरू होते. मेल्कोरच्या स्वरांसाठी ‘विवादी’ हा शब्द हाताशी आहे. परंतु विवादी स्वर रागाच्या चौकटीतच विवादी ठरतो आणि कुशल गायक त्याच्या अल्प प्रयोगाने रंजकता वाढवतो. ‘बेसूर’ म्हणावे, तर त्यातून कौशल्याची उणीव सूचित होते. मेल्कोर तर सर्वांत समर्थ. त्याचा दोष इतरांचे न ऐकता गाण्याचा आहे. ‘विसंवाद’ हा शब्द त्यातल्या त्यात जवळचा. याहून सूक्ष्म पेच पुढे आहे. मेल्कोरच्या पक्षाचे संगीत हळूहळू एकसुरी गलबला होते. एकाच सुरात गाणे हे तेथे दारिद्र्याचे लक्षण आहे. वारकऱ्यांच्या दिंडीत मात्र शेकडो कंठ एकाच चालीत, एकाच सुरात मिळतात आणि तीच समूहभावाची परिपूर्ती मानली जाते. एका परंपरेत जे पतन, तेच दुसऱ्या परंपरेत तादात्म्य. ‘सुरात सूर मिसळणे’ हा मराठी वाक्प्रयोग सहमतीचा आनंदही सांगतो आणि लाचारीही. मेल्कोरच्या साथीदारांसाठी तो वापरताना त्यातील पहिली छटा गाळता येत नाही.

नादब्रह्माचे लेबल लावले की हे सारे प्रश्न विचारण्यापूर्वीच मिटतात. पदव्युत्तर वर्गात ही कथा शिकवताना साम्याची नोंद एका वाक्यात करावी आणि उरलेला तास या शब्दांसाठी ठेवावा. त्यातून टोल्किन अधिक कळतील. शिवाय दिंडीतील एकसुराला आजवर गृहीत धरलेले मूल्य नेमके कोठून येते, हा मराठी अभ्यासकाचा स्वतःचा प्रश्नही उभा राहील.